अरेअरे

खालची कवळी टेबलावर नव्हती.

वरची होती. दिव्याखाली, पॉलिश करून ठेवलेली, गुलाबी हिरड्यांची. खालची मी तिच्या शेजारीच ठेवून हात धुवायला आत गेलो होतो. परत आलो तर टेबलाखालून बारीक, समाधानी असा कुडुमकुडुम आवाज येत होता.

“ताई,” मी हाक मारली, “तुझं कुत्रं हेडमास्तरांचे दात खातंय.”

“माझं नाहीये ते,” स्वयंपाकघरातून माझी बहीण म्हणाली. “मी आणलं नाही. ते आलं.”

तेही खरंच होतं. तीन दिवसांपूर्वी ते बाजारातून तिच्या मागेमागे आलं होतं. तिने वाटेत चार वेळा वळून ‘हाड’ म्हटलं. पाचव्यांदा वळेपर्यंत घर आलं होतं. ती आत शिरली आणि दार लावायला विसरली. ताई एरवी काहीही विसरत नाही.

मी कवळ्या बनवतो. दातांचे डॉक्टर जबड्यांची मापं पाठवतात, मी त्यांत प्लास्टर ओततो, मग मेणात एकेक दात बसवत जातो. अठ्ठावीस वर्षं झाली. ज्यांच्यासाठी बनवतो ती माणसं मला सहसा भेटत नाहीत. त्यांची तोंडं तेवढी भेटतात, तीही रिकामी, फळीवर ओळीने मांडलेली. प्लास्टरची पांढरी धूळ सगळ्यावर बसते, माझ्या भुवयांवरसुद्धा. सकाळ कुठे संपली आणि दुपार कुठे सुरू झाली ते कळत नाही. कधीकधी वाटायचं, आपण ढगात बसून काम करतोय आणि गाव कुठेतरी खाली राहिलंय.

ताई माझ्याहून नऊ वर्षांनी मोठी. आई लवकर गेली, तेव्हापासून तिनेच मला वाढवलं. शाळेत शिवण शिकवायची, आता घरीच असते. आम्हा दोघांचीही लग्नं झाली नाहीत. कुणी ठरवून नव्हे, राहून गेलं.

अशा घरात तो कुत्रा आला. तांबूस रंगाचा, अंगाने बेताचा, पण मागचे पाय एखाद्या मोठ्या कुत्र्याकडून उसने आणल्यासारखे लांब. पुढचा एक पाय घोट्यापर्यंत पांढरा. स्वस्थ बसणं त्याला ठाऊकच नव्हतं. खिडकी, खाट, टेबल, दार, पुन्हा खिडकी. खोलीतली हवा जागची हलली.

दुसऱ्या दिवशी हेडमास्तर कवळी न्यायला आले. मी काय झालं ते सांगून टाकलं. ते बोळक्या तोंडाने हसून म्हणाले, “त्याला तरी नीट बथले का?”

त्या आठवड्यात मेणाच्या पाच पट्ट्या, ताईची एक चप्पल, एक उशी आणि दाराची खालची कड गेली. आमच्या तोंडून दिवसभर एकच निघायचं, ‘अरे, अरे!’ एकदा दारात दूधवाल्याचं भांडं कलंडलं आणि मी सहज ‘अरे, अरे’ म्हणालो, तर कुत्रा आतून धावत येऊन माझ्यासमोर उभा राहिला. शेपूट हलवत, हजर. त्याला ते आपलं नाव वाटत होतं. मग तेच राहिलं.

जनावरांची डॉक्टरीण वयाने लहान होती. तिने आधी त्याचे दात पाहिले. मीही पाहिले. उत्तम होते.

“बाप मेंढ्या राखणारा असावा,” ती म्हणाली. “आई रस्त्यावरची. आणि मधेच कुणीतरी शिकारी डोकावून गेलाय. वाईट नाहीये हा. रिकामा आहे. काम द्या याला.”

“माझ्याकडे दातांचंच काम आहे.”

“ते त्यानं सुरू केलंच म्हणे.” ती हसली. “रोज सकाळी तासभर बाहेर न्या. तो ओढेल. ओढलं की तुम्ही थांबायचं. दोरी सैल झाली की चालायचं. बस. फक्त चिडायचं नाही.”

“किती दिवस?”

“कवळी तोंडात रुळायला किती दिवस लागतात?”

“ते माणसावर आहे.”

“मग हे कुत्र्यावर आहे.”

पहिल्या दिवशी घरापासून गल्लीच्या कोपऱ्यापर्यंत जायला आम्हाला चाळीस मिनिटं लागली. तो झेप घ्यायचा, मी थांबायचो. तो मागच्या दोन पायांवर उभा राहून दोरीशी झुंजायचा, मी थांबलेलाच. खिडक्या उघडल्या. “काय कवळीवाले, पुतळा झालात का?” कुणीतरी वरून विचारलं.

पण थांबणं मला येत होतं. एक दात मेणात बसवायला मी अर्धा तास घेतो. तो केसभर इकडचा तिकडे झाला तर माणूस जेवताना गाल चावतो. चिडून हे काम होत नाही. तेव्हा मी थांबत राहिलो. दुसऱ्या दिवशी, पाचव्या दिवशी, नवव्या दिवशी. अकराव्या दिवशी दोरी ताणली गेली, मी थांबलो, आणि त्याने मागे वळून पाहिलं. दोरीकडे नाही. माझ्याकडे. ‘काय झालं?’ असं.

इतक्या वर्षांत मला असं कुणी विचारलं नव्हतं.

मग आम्ही कालव्याकाठी जाऊ लागलो. सकाळी तिथे पाण्यावर धुकं असायचं, इतकं दाट की पलीकडचा काठ दिसत नसे. मी त्याला लांब दोरीवर सोडायचो. तो धुक्यात विरघळून जायचा, दोरी माझ्या हातातून सुळसुळत राहायची. मी हाक मारली की आधी धापा ऐकू यायच्या, मग तो पांढरा पाय, मग बाकीचा कुत्रा. ताईच्या चिंध्यांच्या टोपलीत मी उकडलेल्या अंड्याचे तुकडे लपवून ठेवायचो. ते नाकाने शोधायला त्याला पाऊण तास लागायचा, आणि पळून दमायचा नाही इतका तो त्याने दमायचा. दुपारी माझ्या स्टुलाशी झोपायचा. झोपेत चारही पाय पळायचे. मी कुठल्यातरी अनोळखी माणसाचा सुळा घासताना मोटर बंद करून ते बघत बसायचो. कुठे निघालाय, किती लांब आहे अजून, असे विचार मनात यायचे आणि हातातला दात हातातच राहायचा.

कालव्याचा रस्ता पुढे फुटतो. डावीकडे बाग, उजवीकडे मोठ्या रस्त्यावरचा पूल. आम्ही पुलाकडे जायचो, कारण तो तिकडेच जायचा. पुलावर उभं राहून तो कठड्यातून नाक बाहेर काढी. मोटारी, बस यांच्याकडे ढुंकून बघत नसे. ट्रक आला की ताठ व्हायचा. पुलाखाली पंक्चरवाल्याचं दुकान होतं, तिथे एखादा ट्रक उभा असला तर मला खाली घेऊन जायचा, ड्रायव्हरच्या दाराखाली उभा राहून वर बघायचा आणि मुकाट परत फिरायचा. रोज.

मी हे ताईला गंमत म्हणून सांगितलं. ती सुईत दोरा ओवत होती.

“शोधतोय तो कुणालातरी,” ती म्हणाली.

“कुत्रा आहे गं तो.”

“मी कुठं माणूस म्हटलं?”

दुसऱ्या दिवशी फाट्यावरून मी डावीकडे वळलो. बागेत हवा चांगली असते, ट्रकचा धूर नको, असं मी ताईला सांगितलं. तिने काही विचारलंच नव्हतं.

तो फाट्यावर थांबला. उजवीकडे पाहिलं, मग माझ्याकडे. मी “चल” म्हटलं. तो आला. ओढलं नाही. दुसऱ्या दिवशीही तसंच, तिसऱ्या दिवशीही. दोरी आमच्या दोघांमध्ये सैल, झोळ पडून लोंबत होती. डॉक्टरणीने पाहिलं असतं तर शाबासकी दिली असती. बागेत तो माझ्या पायाशी चालायचा, लोक थांबून कौतुक करायचे. “किती शहाणा आहे हो.” मी हो म्हणायचो.

असे दोन महिने गेले. एके दिवशी फाट्यावर त्याने उजवीकडे मानसुद्धा वळवली नाही. फक्त चाल किंचित मंदावली, एका पावलापुरती, आणि तो माझ्याबरोबर डावीकडे वळला.

मला पुढे जाववेना. मी तिथल्या मैलाच्या दगडावर बसलो. ओढू नकोस असं मी त्याला शिकवलं होतं आणि त्याने ते इतकं मनावर घेतलं होतं की जे जिवापाड हवं तेही तो ओढेनासा झाला होता. तो माझ्यासमोर बसून होता, आता कुठे म्हणशील तिथे, अशा चेहऱ्याने.

आम्ही उजवीकडे गेलो.

पंक्चरवाला ट्यूब पाण्यात बुडवून बुडबुडे बघत होता. मी म्हणालो, “या कुत्र्याची कुणी चौकशी केली तर कवळीवाल्याचं घर दाखवा.”

“विचारत होता की एक ड्रायव्हर,” तो वर न बघता म्हणाला. “दोनतीनदा विचारून गेला. मला वाटलं, हा तुमचाच. पण लांबच्या फेऱ्या असतात त्याच्या. कधी येईल सांगता येत नाही. आला तर थांबवून ठेवू?”

नाही म्हणता आलं असतं. पंक्चरवाला मान खाली घालूनच बसला होता. “ठेवा,” मी म्हणालो.

त्यानंतरचा दीड महिना फार सावकाश गेला आणि एकदम संपला.

त्या सकाळी दुकानापुढे निळा ट्रक उभा होता. गळ्यात पंचा टाकलेला एक जाडजूड माणूस उभ्याने चहा पीत होता. आम्ही रस्त्याच्या या बाजूला होतो. पंक्चरवाल्याने आमच्याकडे बोट दाखवलं. त्या माणसाच्या हातातला पेला खाली पडला.

“क्लीनर!” तो ओरडला. “ए क्लीनर!”

कुत्र्याच्या अंगावरचा केस न् केस उभा राहिला. पण तो धावला नाही. मी सांगितल्याशिवाय रस्ता ओलांडायचा नाही, हे त्याला शिकवायला मी एक अख्खा महिना घातला होता. तो रस्त्याच्या कडेला बसून राहिला. नखशिखांत थरथरत होता, घशातून बारीक सूर निघत होता, आणि अशातही त्याने मान वळवून पाहिलं ते माझ्याकडे.

रस्ता रिकामा होता. मी दोरी सोडवली. “जा,” म्हणालो.

तो जाडजूड माणूस रस्त्याच्या कडेला फतकल मारून बसला आणि कुत्रा त्याच्या छातीवर, खांद्यावर, डोक्यावर. माणूस मोठ्याने रडत होता, त्याला कशाची लाज नव्हती. मी पलीकडे पोचलो तेव्हा तो पंच्याने तोंड पुसत म्हणाला, “एवढंसं पिल्लू होतं, तेव्हापासून माझ्याबरोबर आहे. शेजारी क्लीनरच्या जागेवर बसायचा, म्हणून क्लीनर. इथंच टायर फुटलं माझं. बार उडाल्यासारखा आवाज झाला, घाबरून जो पळाला... दोन दिवस थांबलो. गाडीत माल होता. जावं लागलं हो.”

कुत्रा माझ्याकडे आला, माझा हात चाटला, त्याच्याकडे गेला. पुन्हा माझ्याकडे. असं पाचसहा वेळा. शेवटी बरोबर मध्ये जीभ बाहेर टाकून आडवा झाला.

“तुमच्यात रमलाय,” ड्रायव्हर म्हणाला. “ठेवा तुम्हीच. माझं काय, आज इथं, उद्या तिथं.”

“तो रोज ट्रकांची दारं बघायचा,” मी म्हणालो. मग तेही सांगून टाकलं. “मधे दोन महिने मी त्याला इकडे आणलंच नाही. मुद्दाम.”

“मीही नसतं आणलं,” तो म्हणाला.

मग मी त्याला सगळं दाखवलं. हात असा आडवा केला की थांबतो. असा खाली नेला की बसतो. ओढायला लागला तर तुम्ही ओढू नका, नुसते उभे राहा. अंड्याचे तुकडे चिंध्यांत लपवून द्या, लांबच्या प्रवासात बरं पडेल. झोपेत पळतो, तेव्हा उठवू नका. ड्रायव्हर पहिलीतल्या पोरासारखा ऐकत होता आणि माझ्याबरोबर हात आडवा, हात खाली करून बघत होता.

“आणि अरेअरे म्हटलं तरी येतो,” मी म्हणालो.

“हे कसलं नाव?”

“त्यानंच ठेवलंय.”

कुत्रा एका उडीत वर चढून आपल्या जागेवर बसला. काचेतून माझ्याकडे बघत होता. मी हात आडवा केला नाही, खाली नेला नाही, दोन्ही हात खिशात ठेवले. ट्रक निघून गेला.

घरी येऊन ताईला सांगितलं. ती “हं” म्हणाली. मग त्याचं भांडं घासलं, पुसलं, आणि बराच वेळ ते कुठे ठेवावं ते न कळून हातात धरून उभी राहिली.

मी कामाला बसलो. एका माणसाचे वरचे सगळे दात त्या दिवशी बसवून झाले. कुणी पळवले नाहीत.

दुसऱ्या दिवशी सवयीने पहाटेच जाग आली. बाहेर आलो तर ताई दारात उभी होती. पायात माझे जुने कॅनव्हासचे बूट, नाड्यांना दुहेरी गाठी.

“किती वेळ लावतोस,” ती म्हणाली. “चल, ऊन व्हायच्या आत.”

ती फार हळू चालत होती. मधूनमधून थांबून पाणी बघायची, म्हणजे खरं तर दम खायची. या गावात तिची तीस वर्षं गेली आणि कालव्यावर ती पहिल्यांदाच येत होती.

“हे पाणी जातं कुठं रे?” तिने विचारलं.

मी इतके महिने रोज इथे येत होतो. मला कधी सुचलंच नव्हतं. “माहीत नाही,” मी म्हणालो.

“मग बघू या की,” ताई म्हणाली, आणि माझा दंड धरला.

पाणी संथ चाललं होतं. आम्ही त्याच्या कडेकडेने निघालो.