कपाटातले तहसीलदार

अमेरिकेतल्या चँडलरच्या आपल्या अपार्टमेंटचा भाडेकरार आश्लेषाने सकाळपासून तिसऱ्यांदा वाचला. चौदा दिवसांहून जास्त राहणाऱ्या पाहुण्याचं नाव अपार्टमेंटच्या ऑफिसला कळवणं बंधनकारक. नागपूरहून आलेल्या तिच्या सासऱ्यांचा, दिगंबररावांचा, आज सत्तेचाळिसावा दिवस होता. आणि अकरा वाजता ऑफिसचा माणूस स्मोक अलार्म तपासायला येणार होता! नियम मोडला म्हणून घर गेलं तर लेकीचं, सईचं, इथलं डेकेअरही जाणार, एवढंच तिच्या डोक्यात घुमत होतं.

शेजारच्या खिनमावशींना मात्र एकदम तरतरी आली. मावशी म्यानमारच्या. तिकडे लष्कराच्या राज्यात सख्खी बहीण मुक्कामाला आली तरी वॉर्डाच्या कचेरीत नाव द्यायचं, नाहीतर शिपाई दारात. मावशींनी निम्मं गणगोत लपवून सांभाळलेलं.

"आधी चपला उचल," त्या म्हणाल्या. "शिपाई माणसं मोजत नाही, चपला मोजतो. मग टूथब्रश."

"मावशी, तो अलार्म बघायला येतोय हो!"

"आमच्याकडे 'डास बघायला आलो' म्हणून यायचे."

दिगंबरराव कपाटात बसायला तयार होईनात. "सूनबाई, मी रिटायर्ड तहसीलदार आहे. आयुष्यभर लोक माझ्यापुढे कागद घेऊन उभे राहिले, आणि मी तुझ्या ड्रेसांमागे बसू?"

"बाबा, प्लीज, दहाच मिनिटं."

"बरं, निदान पेपर तरी द्या."

"पेपर नाही," मावशींनी बजावलं. "पान वाजतं."

ऑफिसचा ब्रायन आला, शिडीवर चढला, बटण दाबलं. अलार्म असा किंचाळला की कपाटाचं दार धाडकन उघडलं आणि "आग! आग! सईला उचला!" असं ओरडत, गळ्यात सुनेची ओढणी घेऊन, तहसीलदारसाहेब हॉलमध्ये अवतरले.

"गुड मॉर्निंग, सर!" ब्रायन शिडीवरूनच हसला. "आज वॉकला दिसला नाहीत?" मग आश्लेषाकडे वळून म्हणाला, "यांचा तेवढा पाहुण्यांचा फॉर्म भरून द्या हं. नाव आणि तारीख, बस."

फॉर्म हातात आला तशी आश्लेषाने पेन उघडलं. मावशींनी तिचं मनगट धरलं.

"नाव लिहिल्यावर कोण येतं?"

"कोणी नाही, मावशी."

"कोणीच नाही?"

मावशींनी ब्रायनला आपादमस्तक न्याहाळलं. फॉर्म उलटून पाहिला. मागची बाजू कोरी होती. बराच वेळ त्या कोऱ्या बाजूकडे बघत राहिल्या, मग मनगट सोडलं.

"लिही," त्या म्हणाल्या. "पण पेन्सिलीने."