होनवाडीचं एकुलतं मत

बशीतला चहा एका दमात ओढून महिपतीनं उपरण्यानं मिशी पुसली, बशी टेबलावर पालथी घातली आणि जाहीर केलं,

"आता जे सांगणार हाय, त्यावर कुणाचा इश्वास बसायचा न्हाई. माझ्या बापाचाबी बसला नसता."

"मग सांगतोस कशाला?" शेजारच्या खुर्चीतला चनमल्लप्पा म्हणाला.

"घडलंय म्हणून."

"तू सांगतोस म्हंजे घडलं नसणारच की!"

टेबलापलीकडे बसलेला शिवशरण हसला. तो पक्षाच्या जिल्हा कार्यालयाचा चिटणीस. कार्यालय म्हणजे नव्या पेठेत, चादरींच्या एका दुकानावरची माडी. पंखा फिरायचा, पण मनात येईल तेव्हा. जिल्हा परिषदेची निवडणूक तोंडावर आली होती. खाली रस्त्याच्या कडेला जीप उभी होती, टपावर कर्णा बांधलेली. आणि ड्रायव्हरशेजारी बसून, हातात माईक धरून सीनाकाठची गावं फिरायला कोण, ते शिवशरणला आज ठरवायचं होतं. त्यासाठी माणसं दोनच आली होती. होनवाडीचा महिपती आणि ओढ्यापलीकडच्या गावचा चनमल्लप्पा. दोघं एकाच एस.टी.नं आले होते, एकाच बाकावर बसून, एकमेकांची तंबाखू खात. आणि आता एकमेकांच्या मुळावर उठले होते.

महिपतीला ती जीप फार म्हणजे फारच हवी होती. देशातल्या पहिल्या निवडणुकीपासून त्यानं पक्षासाठी घसा बसवून घेतला होता. पक्षाची निशाणी बैलजोडी होती तेव्हा तो झेंडा घेऊन जीपच्या मागं पळाला. बैलजोडी गेली, गायवासरू आलं, तेव्हाही पळाला. मग पक्षच फुटला, दोन्हीकडं नवीन पुढारी आले, नवीन घोषणा आल्या. महिपतीची जागा तेवढी तीच राहिली: जीपच्या मागं, धुळीत. सत्तरी गाठली तरी पुढच्या काचेतून गाव कसं दिसतं, हे त्याला ठाऊक नव्हतं.

"बोला मामा," शिवशरण म्हणाला, "आमची पाव्हणी मंडळी यायचीत जेवायला. तेवढ्यात आटपा."

महिपतीनं खुर्ची पुढं ओढली. दाराशी त्याच्याबरोबर आलेली त्याची बायको पारूबाई भिंतीला टेकून खाली बसली होती. शिवशरणनं तिलाही खुर्ची पुढं केली होती, पण ती "असू द्या" म्हणाली होती. ही गोष्ट महिपतीनं मोहोळात सांगितली होती, बार्शीच्या बाजारात सांगितली होती, एकदा तर दवाखान्यात डॉक्टर छाती तपासत असताना सांगितली होती. होनवाडीत मात्र कधीच नाही. त्यामुळं पारूबाई ती आज पहिल्यांदाच ऐकणार होती. महिपतीनं दाराकडं पाठ येईल अशा बेतानं खुर्ची फिरवली.

"गेल्या साली पक्ष फुटला," त्यानं सुरुवात केली. "फुटला दिल्लीत, पण आवाज आमच्या चावडीत आला. आमच्यातले नागनाथ आन् रावसाहेब सख्खे मावसभाऊ. परवापर्यंत एका बैलगाडीतनं सभेला जायचे. एक हिकडं आला, एक तिकडं गेला. त्यातच ग्रामपंचायत लागली. खालच्या आळीत एक जागा, आन् तिच्यावर हे दोघं समोरासमोर. नागनाथ आपला, त्याची निशाणी शिडी. रावसाहेबाची छत्री."

"नागनाथराव निवडून आले ते ठाऊक आहे आम्हाला," शिवशरण म्हणाला.

"किती मतांनी, ते ठाव हाय?"

शिवशरणला ते ठाऊक नव्हतं. महिपतीचे डोळे चमकले.

"थांबा, सांगतो. मतदानाच्या आदल्या सांजंला रावसाहेबानं आळीतला एकूण एक बाप्या माणूस म्हाद्येवाच्या देवळात गोळा केला. गुरवाच्या हातात ताट, ताटात बेलभंडारा. उचला म्हणाला. उचलला की शपथ झाली, मत छत्रीला. न उचलावा तर संशय येतो. समद्यांनी उचलला. सकाळी उजाडायला नागनाथ दारात. त्येच देऊळ, त्योच गुरव, भंडाराबी कालचाच उरलेला. उचला म्हणाला. समद्यांनी परत उचलला."

"अय्यो शिवा!" चनमल्लप्पानं कपाळाला हात लावला. "दोगांचाबी?"

"मग काय करणार? दोघंबी आपलेच. लग्नाला जायचं, मयताला जायचं. पण आता पंचाईत अशी झाली, की माणसाची शपथ मोडली तर माणूस दोन दिवस बोलत न्हाई, देवाची मोडली तर? आळी बसली विचार करत. मतदान सुरू झालं, मतदान घ्यायला आलेल्या साहेबानं पेटी उघडून रिकामी दाखवली, तरी आळीतलं चिटपाखरू शाळंकडं जाईना. शेवटी आमचे हिंदुराव आण्णा उठले. लई शाणा माणूस. म्हणाले, 'शपथ मत द्यायची हाय. दुसऱ्याला न द्यायची कुठं हाय? शिक्का काय एकदाच उठतोय व्हय? दोघांवरबी मारा आन् मोकळं व्हा.'"

शिवशरणच्या हातातली सुपारी हातातच राहिली. "दोन्ही चिन्हांवर?"

"दोन्ही. एक शिडीवर, एक छत्रीवर. घराघरात निरोप गेला. बायकांनाबी सांगितलं, दोन्हीकडं मारायचा, विसरायचं न्हाई. आळी अशी खुशीत गेली मतदानाला, जणू लग्नाची वरात! बोटाला शाई लावून येताना जो तो नागनाथाला रामराम घालतोय, रावसाहेबालाबी घालतोय. कुणाची मान खाली न्हाई. असली निवडणूक हिंदुस्थानात झाली न्हाई, सायेब, शपथेवर सांगतो."

"तू शपथेचं नावच काढू नको," चनमल्लप्पा म्हणाला.

"ऐक तर. पेटी फुटली. साहेब एकेक कागद उलगडतोय. पहिला, दोन शिक्के. बाद. दुसरा, दोन शिक्के. बाद. साहेबाला वाटलं, कुणीतरी वेडं असंल. मग बाद, बाद, बाद. साहेबाचा घसा सुकला, पाणी मागितलं. बाद कागदांचा ढीग एवढा झाला, की पलीकडं बसलेला शिपाई दिसंना. नागनाथ घाम पुसतोय, रावसाहेब घाम पुसतोय. दोघांनी एकाच उपरण्यानं पुसला, एवढे जवळ आले! आन् अगदी तळाशी एक कागद. साहेबानं उजेडात धरला, उलटा केला, सुलटा केला. एकच शिक्का. शिडी!"

"एकच मत?"

"एकच. नागनाथ एक, रावसाहेब शून्य. एका मतानं निवडून आला न्हाई, सायेब, एका मतावर निवडून आला."

खालून चादरींच्या दुकानदाराचं गिऱ्हाइकाशी चाललेलं भांडण ऐकू येत होतं. मग चनमल्लप्पानं एकदम मांडीवर थाप मारली.

"गावलास! उमेदवार सोताला मत देत न्हाईत व्हय? नागनाथाचं एक, त्याच्या घरची चार. रावसाहेबाची तेवढीच. ती कुटं गेली?"

महिपती या प्रश्नाची वाटच बघत होता. बार्शीतही कोणीतरी तो विचारला होता.

"दोघांची घरं वरच्या आळीत. नावं तिकडच्या यादीत. तिथली जागा दुसऱ्यांनी अडवली, म्हणून हे खाली आले उभं राहायला. आरं, ग्रामपंचायत म्हंजे काय वाटलं तुला?"

शिवशरण आता कोपरं टेबलावर टेकून ऐकत होता.

"आन् ते एक मत कुणाचं, मामा?"

महिपतीनं नुसती मिशी कुरवाळली, आढ्याकडं बघितलं आणि स्वतःच्या छातीवर हलकेच एक बोट टेकवलं.

हे त्यानं फार वेळा केलं होतं आणि दरवेळी ते लागू पडलं होतं. खरं म्हणजे त्या दिवशी त्यानं इतरांसारखेच दोन शिक्के मारले होते, चांगले दाबून, शाई दोन्हीकडं सारखी उमटली का ते बघून. पण मत गुप्त असतं. सरकारनं ही फार सोयीची गोष्ट करून ठेवली आहे, असं त्याला वाटायचं. वर्ष उलटलं तरी त्या एका मताचा धनी पुढं आला नव्हता, आणि येणारही नव्हता. कारण ते आपलं म्हणणं म्हणजे देवाची शपथ मोडली म्हणणं. होनवाडीत असं कोण म्हणेल? म्हणजे ते मत वाऱ्यावर पडलं होतं. महिपतीनं ते उचललं, एवढंच.

"पण बेलभंडारा तर तूबी उचललास की," चनमल्लप्पानं शेवटचा खडा टाकून पाहिला.

"न्हाई उचलला."

"आत्ता तर म्हणालास, समद्यांनी उचलला."

"समद्यांना वाटलं, मी उचलला. गुरवानं ताट पुढं केलं आन् मला आली शिंक. भंडारा उडाला तो सगळा गुरवाच्या डोळ्यात. तो बसला डोळं चोळत. त्या गडबडीत कोण बघतंय!"

"आन् सकाळी?"

"परत शिंक. मला भंडारा सोसतच न्हाई, ल्हानपणापास्नं."

दाराशी काकणं वाजली. दर चंपाषष्ठीला या माणसाचं कपाळच नव्हे तर कानाच्या पाळ्याही भंडाऱ्यानं माखून देणारी पारूबाई मान वर करून नवऱ्याच्या पाठीकडं बघत होती. महिपतीला ती नजर मानेवर जाणवली. त्यानं उपरणं नीट केलं आणि मागं वळून बघितलं नाही.

"मी मनाशी म्हणालो," त्यानं आवाज खाली आणला, "आळी गेली दोन्हीकडं, जाऊ दे. पक्षासाठी एकानं तरी उभं राह्यलं पायजे. शिक्का उचलला, डोळं मिटलं आन् शिडीवर मारला. त्या मतावर तुमचा नागनाथ आज पंचायतीत बसलाय. कुणाला सांगितलं न्हाई, सायेब. मिरवायची आपल्याला सवय न्हाई."

गोष्ट खरी की खोटी यापेक्षा, ही गोष्ट माईकवरून ऐकायला प्रत्येक गावात माणूस घराबाहेर येईल, हे शिवशरणला कळलं असावं. त्यानं टेबलाचा खण ओढला, आतून जीपची किल्ली काढली आणि चनमल्लप्पाकडं वळून म्हणाला,

"आप्पा, राग मानू नका. पण पक्षाचं एकमेव मत म्हटल्यावर..."

"द्या, द्या," चनमल्लप्पा हात झटकत म्हणाला. "शिंकतोय बी लई, बोलतोय बी लई. फकस्त मला माझ्या गावापर्यंत त्याच जीपमधनं सोडा."

"मागच्या बाकावर," महिपती म्हणाला आणि त्यानं किल्लीसाठी हात पुढं केला. पुढची काच, तिच्यातून दिसणारं गाव, वेशीपाशी थांबलेली माणसं, सगळं त्याला त्या हातापासून वीतभर अंतरावर दिसत होतं.

"खोटं हाय त्ये."

आवाज मोठा नव्हता. पारूबाई भिंतीचा आधार घेऊन उठली, डोक्यावरचा पदर सारखा केला आणि टेबलापाशी आली. महिपतीकडं तिनं बघितलंही नाही. ती सरळ शिवशरणशी बोलली.

"भंडारा ह्यांना चांगला सोसतोय. दोन्ही बारीला उचललाय, दोन्हीकडं शिक्का मारलाय, आन् मलाबी तसाच मारायला सांगून धाडलं व्हतं. शिडीवरचं त्ये मत माझं हाय."

"मामी, पण शपथ...?" शिवशरणच्या हातातली किल्ली तशीच राहिली.

"बेल बाप्यांच्या हातात दिला की तुमी. माझ्या हातात कुणी दिला? मला इचारलं कुणी?" पारूबाई म्हणाली. "मी मोकळीच व्हते. आळीत पाण्याचा हापसा आनतो म्हणाला नागनाथ, म्हणून दिलं त्याला. वरीस झालं. आता सांगा, कवा आनताय?"