एव्हाझिओ ग्रामेन्या समोरून मरतो

एव्हाझिओ ग्रामेन्याचं नाव घेतल्याशिवाय इटलीच्या मूकपटांचा इतिहास लिहिताच येणार नाही. आतापर्यंत तो चार जणांनी लिहिला आहे आणि चौघांनाही काही अडचण आलेली दिसत नाही.

तुरीनच्या ज्या कंपनीत मी पडद्यावरच्या पाट्या लिहीत असे, तिथे तो चार वर्षं मरत होता. रोमन सैनिक म्हणून, खलाशी म्हणून, एकदा तर हत्तीखाली. पण दर वेळी पालथा. कासालेत त्याच्या वडिलांचं, सेकोंदोंचं, केशकर्तनाचं दुकान होतं. त्यांनी बजावलं होतं की ईस्टरपर्यंत पडद्यावर तुझा चेहरा दिसला तर खुशाल नट हो, नाहीतर घरी येऊन वस्तरा धर.

एकोणीसशे तेराच्या हिवाळ्यात त्याला खलनायक मिळाला. चित्रपटभर कार्निव्हलचा मुखवटा, पण शेवटी विष पिऊन तो उतरवायचा आणि कॅमेऱ्याकडे बघत पूर्ण दोन मिनिटं मरायचं. तो इतका सुरेख मेला की दिग्दर्शकाची सिगार विझली. दुसऱ्या दिवशी त्याला मुखवट्यासकट वाकून दाराबाहेर जायला लावलं. जादाचं दृश्य काढून ठेवत असतील, असं म्हणत त्याने घरी तार केली.

आमच्या कंपनीची रीत अशी, की रशियन प्रेक्षकाला शेवटी कुणी मेल्याशिवाय चैन पडत नाही आणि आपल्या लोकांना लग्न लागल्याशिवाय. म्हणून शेवट दोन काढायचे, एक तिकडे पाठवायला आणि एक इथे दाखवायला. हे दरवानालाही ठाऊक होतं. मरणाच्या आनंदात एव्हाझिओ विसरला.

चित्रपट कासालेत लागला तेव्हा सेकोंदो दुकान बंद करून गिऱ्हाइकांसकट पहिल्या रांगेत बसले होते. त्यातल्या दोघांची दाढी अर्धीच झाली होती. पडद्यावर मुखवट्यातला खलनायक वाकला, वळला, निघून गेला. मग लग्न लागलं. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

बाहेर एव्हाझिओ म्हणाला, "बाबा, तो मुखवट्यातला मीच."

"ओळखलं की. मानेवरून. केस कुठे कापलेस? डावी बाजू वर गेलीये."

"चेहरा तिकडे रशियात, ओदेसात दाखवतायत."

"मग ओदेसातल्या बापाला सांग."

ईस्टरनंतर एव्हाझिओ वडिलांच्या दुकानात दुसऱ्या खुर्चीमागे वस्तरा घेऊन उभा राहू लागला. दुकान सोमवारी बंद असतं.