हजर, पण जिन्यात

आत्याने घरमालकावर दावा लावला तो लिफ्टसाठी. लिफ्ट बंद, आम्ही पाचव्या मजल्यावर आणि आत्याचा गुडघा प्लास्टरमध्ये. मागच्या दोन तारखांना ती कोर्टात गेली नाही, कारण खाली उतरायला लिफ्ट नव्हती. मालकाच्या वकिलाने लगेच सांगितलं की अर्जदार बाईंना दाव्यात रस उरलेला नाही. न्यायाधीशांनी शेवटची संधी दिली: आज हजर नसतील तर दावा फेटाळला.

आत्याला वकील नाही. आपल्या वतीने दुसऱ्याने बोलावं हे तिला स्वतःच्या लग्नातही पटलं नव्हतं.

"उचलू का?" सकाळी मी विचारलं.

"तुला रोज मी उठवते. तू मला काय उचलणार?"

ती जिन्याच्या पायरीवर बसली आणि बसूनच खाली सरकायला लागली. पुढे मी, कुबड्या आणि उशी घेऊन. मजल्यामजल्यावर दारं उघडली. "कुठे?" कोणी विचारलं की आत्या रिक्षात बसल्यासारखी म्हणायची, "कोर्टात."

मालक तळमजल्यावर राहतो. त्यामुळे लिफ्ट बंद आहे हे त्याच्या अजून लक्षात आलेलं नाही. तो दारात चहा पीत होता. आत्याला बघून त्याने चहा कुंडीत ओतला आणि वकिलाला फोन लावायला आत पळाला.

कोर्ट दुसऱ्या मजल्यावर. तिथल्या लिफ्टवर पाटी होती: बंद.

आत्याने पाटी वाचली, माझ्याकडे पाहिलं, मग जिन्याकडे पाठ करून पहिल्या पायरीवर बसली. उलटं चढण्यात जरा हात बसतोय तोच वरून शिपायाने तिच्या नावाचा पुकारा केला.

"हजर," आत्या ओरडली. मी वर धावलो.

वकील म्हणत होता, "साहेब, जिना म्हणजे न्यायालय नव्हे. अर्जदार गैरहजर."

साहेब नुकतेच तोच जिना चढून आले होते. रुमालाने मान पुसत त्यांनी विचारलं, "आवाज ऐकू आला ना तुम्हाला?"

"आला, पण..."

"आणि मीही येतेय," जिन्यातून उत्तर आलं. "फेटाळायची एवढी घाई असेल तर पाण्याचा ग्लास खाली पाठवा, म्हणजे लवकर पोचेन."

साहेबांनी पाणी पाठवलं. दावा चालू राहिला, तारीख पुढच्या महिन्यातली पडली.

घरी परतलो. आत्या जिन्यापाशी थबकली. "आता वर चढायचं, महिन्याने पुन्हा उतरायचं. सांगितलंय कोणी?" असं म्हणून ती थेट मालकाच्या घरात शिरली आणि सोफ्यावर प्लास्टर पसरून बसली.

"अहो, हे माझं घर आहे," मालक म्हणाला.

"तुमचंच आहे. म्हणून तर तारखेपर्यंत इथे आहे. यावेळी गैरहजर राहायचा प्रश्नच नाही." मग माझ्याकडे वळून, "वरून माझे कपडे आण. सगळे."

दुपारी लिफ्टचा मिस्त्री आला. मालक घडीघडी बाहेर जाऊन त्याला विचारत होता, "अजून किती वेळ?"

"सावकाश होऊ द्या हो," आत्या आतून म्हणाली. "मला पुढच्या महिन्यापर्यंत वेळ आहे."