टाके घातलेला रांजण

साहेब, तुम्ही चोर आहात. मला उचलून नेणारा चोर परवडला. तुम्ही मला जागेवर ठेवून माझ्यातली माणसं पळवताय. राग आला? येऊ द्या. मी मातीचा आहे. मला बढती नको, बदलीची भीती नाही. माझं तुम्ही काय वाकडं करणार?

मित्रांनो, साहेब ऐकत नाहीत, म्हणून तुम्हाला सांगतो. मी एक जुना रांजण आहे. किती जुना ते विचारू नका. मला घडवणाऱ्या माणसांनी वर्षं मोजली नव्हती. माझ्या अंगावर हरीण नाही, फुलं नाहीत, रंगाची एक रेघ नाही. गळ्याभोवती खळ्यांची माळ आहे, तेवढीच. ती करंगळीने दाबलेली आहे आणि प्रत्येक खळी एकाच बाजूला कललेली आहे, कारण मला घडवणारीची करंगळी वाकडी होती.

तिच्याकडे चाक नव्हतं. मातीच्या लांब वळ्या एकीवर एक चढवत ती माझ्याभोवती फिरायची. तिला दिवस गेले होते. वाकताना धाप लागायची, मग राग माझ्यावर निघायचा.

"सरळ बस की रे मेल्या! तुझ्यापायी माझी कंबर गेली."

माझ्या आत हात घालून बघा. तिच्या बोटांचे माग अजून आहेत. ओली माती सगळं ऐकते, आणि एकदा भाजली की ऐकलेलं तिला कायमचं पाठ होतं.

मुलगी झाली आणि त्या बाळंतपणातच ती गेली. घरात तिचा नवरा उरला, तान्ही पोर उरली, आणि पाण्याने भरलेला मी. पोर रांगायला लागली तशी उन्हं चढली की माझ्या गार अंगाला चिकटून बसायची. उभी राहायला शिकली तेव्हा तिचा हात बरोबर माझ्या गळ्याशी पोचला. त्या खळ्यांत बोट घालून ती एकीवरून दुसरीवर सरकायची, सरकता सरकता डोळे मिटायची. मला वाटतं, मलाही तेव्हा झोप लागत असावी. माझ्या पोटातलं पाणी हलायचं थांबायचं आणि खोलीभर तिचा श्वास तेवढा ऐकू यायचा.

मग एका दुपारी दार उघडं राहिलं. बकरी आत घुसली आणि तिने मला धडक दिली. गळ्यापासून पोटापर्यंत उभी चीर. पाणी जमिनीत मुरलं. पोरीने असा काही टाहो फोडला, की तिचा बाप कामावरून धावत आला.

संध्याकाळी तो मला गुडघ्यांत धरून बसला. टोकदार दगड, ओली वाळू, आणि चिरेच्या दोन्ही कडांना भोकं. अर्धं भोक बाहेरून, अर्धं आतून, कारण एकाच बाजूने जोर लावला असता तर माझे तुकडेच झाले असते. त्याची भावजय दारात हसत उभी होती.

"अहो भाऊजी, नवा आणा की! रांजण शिवायला तो काय चप्पल आहे?"

"नवा आणीन, वहिनी. ही बोटं कुठून आणू?" तो मान वर न करता म्हणाला. "पोरीने आईला एवढाच हात लावलाय."

वहिनी हसायची थांबली. आत गेली आणि चामड्याची पट्टी भिजवून घेऊन आली. ओली पट्टी भोकांतून ओवून त्याने टाके घातले. पट्टी वाळली तशी आवळली आणि चीर मिटली. पाणी काही माझ्यात पुन्हा राहिलं नाही. मी धान्य सांभाळलं. खळ्या मात्र पोरीच्याच राहिल्या.

पुढे ते घर गेलं आणि मी मातीखाली गेलो. तिथे काळ नव्हता, मित्रांनो. मुळं यायची, माझ्या भोकांतून वाट काढायची आणि वाळून जायची. वर पावलं वाजायची. कोणाची, ते कळायचं नाही. प्रत्येक वेळी मला वाटायचं, पोर उठली.

मग फावडं लागलं, आणि पुढचं मला आठवतं ते संग्रहालयाच्या मागच्या खोलीतलं टेबल. तुकडे जोडणाऱ्या बाईंना तिथे सगळे डिंकाताई म्हणतात. ताईंनी मला जोडलं, भिंगाखाली फिरवलं आणि गळ्याशी थबकल्या.

"साहेब, हे बघा. या खळ्या इथेच झिजून गुळगुळीत झाल्यात, आणि याच उंचीला. एखादं लहान मूल रोज हात फिरवत असणार."

साहेबांनी घड्याळ बघितलं. "छान. आता ती भोकं बुजवा आणि वरून एक रंगाचा हात मारा. संध्याकाळी पाहुणे येतायत. फुटका माल मांडलाय म्हणतील."

"भोकं मोडल्याची नाहीत, साहेब. दुरुस्तीची आहेत. दोन भोकांच्या मध्ये पट्टी घासून खाच पडलीय. कोणीतरी जिवापाड जपलेला रांजण आहे हा."

"मग आपण त्याहून चांगली दुरुस्ती करू."

"अहो, पण त्या भोकांमुळेच तर तो माणूस कळतो!"

"ताई, भोकांतून हवा जाते. दुसरं काही नाही. प्लास्टर कालवा."

ताईंनी प्लास्टर कालवलं. प्लास्टर लावायची पाती भरून घेतली. भोकापाशी नेली, आणि तशीच मागे घेऊन साहेबांच्या हातात दिली.

"मला नाही जमणार. तुम्हीच करा. लवकर करा, वाळतंय ते."

मित्रांनो, तुमच्या घरात एखादी शिवलेली, सांधलेली, ठिगळ लावलेली वस्तू असेल, तर ती फेकण्याआधी टाका कोणी घातला ते विचारा. आणि टाका लपवू नका. अख्खं भांडं फार तर कुंभाराची ओळख सांगेल. ते टाकून देणं कोणाला जमलं नाही, हे त्याच्या टाक्यातच कळतं.

आणि साहेब, तुम्ही. पाती हातात घेऊन उभे आहात, प्लास्टर ओघळून बुटावर पडतंय. त्या बापाचं चित्र नाही, थडगं नाही, नाव तर कोणालाच ठाऊक नाही. या जगात तो एवढ्या भोकांपुरता उरलाय. ती बुजवलीत, की त्याला शोधायचं कुठे?

उत्तर द्या. मग हात लावा.