‘मेल्या’ काढा

बावीस वर्षं मालिकांचे संवाद लिहितेय मी, आणि रत्नप्रभा तावडे हे नाव तुम्ही ऐकलेलं नाही. ऐकणार कुठून? पडद्यावर नाव यायचं देवव्रत सरांचं. सर फोनवर म्हणायचे, "या आठवड्यात सुनेला घराबाहेर काढा," की मी बोरीवलीत बसून काढायची.

यंदा पहिल्यांदाच माझी स्वतःची गोष्ट एका चॅनेलला आवडली. गिरणी बंद पडल्यावर दिंडोशीला राहायला आलेलं मालवणी कुटुंब. खरं तर आमचंच. ‘लेखन : रत्नप्रभा तावडे’, एकटं नाव. करारावर सही तेवढी बाकी होती.

गोरेगावच्या ऑफिसात चॅनेलची प्रांजल पहिला भाग घेऊन बसली होती. त्यात आठ दिवस बेपत्ता असलेला मुलगा दारात येतो आणि आई म्हणते, "इलंस मेल्या? जेवलंस?"

"मॅम, हे ‘मेल्या’ काढूया ना. मुलगा जिवंत परत आलाय आणि आई त्याला मेल्या म्हणते? निगेटिव्ह वाटतं यार. ‘बाळा’ करा."

"अगं, आमच्यात आई बाळा म्हणाली की पोरगं घाबरतं. डॉक्टर काय म्हणाले, विचारतं."

ती हसली नाही. "एकच शब्द आहे, मॅम. तुम्ही नाही केलात तर आमचा चॅनेलचा रायटर सुयोग करून टाकेल."

एकच शब्द! माझा भाऊ गुणाजी असाच घर सोडून गेला होता. नवव्या दिवशी आला, तेव्हा आईने हेच म्हटलं, पाठीत एक धपाटा घातला आणि ताट वाढलं. मग मोरीत नळ सोडून रडली. तिला ‘बाळा’ म्हणता आलं असतं, तर मोरीत जावं लागलं नसतं.

मी संहिता उचलली आणि पिशवीत कोंबली. करार टेबलावर तसाच राहिला.

"मॅम, बावीस वर्षं थांबलात ना या नावासाठी? एका शिवीपायी घालवताय?"

"शिवी नाही गं ती. आणि ऐक. सोमवारपासून मी पुन्हा सरांच्या नावावर लिहीन. तिथल्या आईला शंभर वेळा ‘बाळा’ म्हणायला लावते, माझं काय जातंय? पण जिच्याखाली माझं नाव लागेल, ती आई माझ्या आईसारखीच बोलणार!"