आखाजीचा एक्का

आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, आमच्या गावात पत्ते खेळणं हा सणाचाच भाग. बाया झोक्यावर, पुरुष निंबाखाली गोधडीवर. त्यात जळगावहून आलेला जावई खेळायला बसला की माहेरची मान ताठ. माझा नवरा ललित बसला होता, आणि चहा देताना मी पाहिलं, एक्का त्याच्या तळहातातून सरकून मांडीखाली गेला.

 समोर माझा चुलतभाऊ प्रेमराज होता. गेल्या आखाजीला लबाडी पकडली म्हणून त्याने एकाचं बोट अडकित्त्यात धरून मोडलं होतं. तो अडकित्ता आताही त्याच्या गुडघ्याशी पडला होता.

"काहीतरी गडबड शे. बठ्ठा पत्ता मोजा," प्रेमराज म्हणाला.

सगळे मोजण्यात गुंतले. मी कप उचलायच्या निमित्ताने वाकले, एक्का ओढला आणि पदरात लपवला. ललितला कळलं. तो गालातल्या गालात हसला. नवरा कसाही असो, त्याची बोटं तर वाचली, असं मला वाटलं. शहाणपण बघा माझं!

एक पत्ता कमी भरला. प्रेमराजने सगळ्यांना उठवलं, गोधडी झटकली. काहीच निघालं नाही. तेव्हा ललित हळू आवाजात म्हणाला, "रुपचंद आबांना विचारा. मघाशी त्यांचा हात सदऱ्यात गेला होता."

रुपचंद आबा आमचे शेजारी, सत्तरी ओलांडलेले. जन्मात कुणाच्या काडीला हात लावला नाही. "मी नही लिधा, भाऊ," म्हणत त्यांनी हात जोडले. प्रेमराजने त्यांचं बोट अडकित्त्यात धरलं.

मी ललितकडे पाहिलं. आता तरी बोलेल. तो चहा पीत होता.  त्याच्या हातातली बशी हलतही नव्हती.

"सोड त्यासले, भाऊ!" मी एक्का गोधडीवर टाकला आणि ललितकडे बोट केलं. "हाऊ यासनी मांडीखाल व्हता."

 प्रेमराजने आबांचा हात सोडला आणि ललितकडे बघत अडकित्ता मिटला. "जावई शे म्हनीसन वाचना."

ललितने त्याच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. तो माझ्याकडे बघत होता. "मेघा, सामान भर," तो म्हणाला. आबांचं नाव घेतलं होतं, त्याच हळू आवाजात. "घरी जाऊ."

इतका वेळ मी त्याच्या बोटांसाठी भीत होते. आता मला त्याच बोटांची भीती वाटली. आई झोक्यापाशी उभी होती. मी जाऊन तिचा हात घट्ट धरला.

"माय, माले धाडू नको."